ळ घेऊन शारजाला

आमच्या घराण्यात विमानात बसलेला मी पहिला. कॉलेजात गेलेलाही मीच पहिला, आणि कॉलेजात गेलो नसतो तर विमानात बसलो नसतो, असं वडिलांचं म्हणणं आहे. ते खरं असावं. शारजाला कोणाला पाठवायचं यावर आमच्या पंथातली जाणती मंडळी बसली, तेव्हा एकच प्रश्न विचारला गेला, "विमानतळावर इंग्रजी कोण बोलेल?" सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी बी.ए.च्या तिसऱ्या वर्षाला होतो, पण माझा विषय मराठी होता. हे सांगायला मी तोंड उघडेपर्यंत ठराव झाला होता.

ज्यांना आमचा पंथ ठाऊक नाही, म्हणजे खानापूर तालुक्याबाहेरच्या जवळजवळ सर्वांसाठी, थोडं सांगतो. आमचे मूळपुरुष मुकेबाबा. कानवडीच्या माळावर ते गुरं राखायचे आणि जन्मापासून मुके होते. एके दिवशी त्यांना वाचा फुटली. अ पासून ज्ञ पर्यंत एकेक वर्ण त्यांनी उच्चारला आणि समोर जो बसला होता त्याला तो देऊन टाकला. ज्ञ दिल्यावर त्यांच्यापाशी काहीच उरलं नाही, म्हणून ते पुन्हा मुके झाले. तेव्हापासून आमच्यात प्रत्येक वर्णाला एक माणूस असतो, त्याला वर्णधारी म्हणतात. एका माणसाकडे एकच वर्ण. बैठकीत सगळे गोल बसतात, प्रत्येक जण आपला वर्ण एकदाच म्हणतो आणि वर्णमाला माणसामाणसांतून फिरून पुरी होते. ती पुरी झाली तर देवाला ऐकू जाते. मध्ये एक वर्ण जरी तुटला तरी त्याला काही कळत नाही, असं आम्ही मानतो. आमच्यात बारसंही अशा पुऱ्या बैठकीतच होतं. नावातले वर्ण ज्याचे त्याने बाळाच्या कानात सांगायचे.

लहानपणी मला वाटायचं, हे सगळीकडेच असतं. कॉलेजात गेल्यावर बाकावरच्या मुलाला "तुमच्यात थ कोणाकडे आहे?" असं विचारलं, तेव्हा समजलं की नसतं.

शारजातही आमची बैठक आहे. नोकरीधंद्यासाठी गेलेली माणसं आपापले वर्ण तिकडे घेऊन गेली आणि नव्यांना देत राहिली. पण तिथले ळ चे धारी निवृत्त होऊन, तो कोणाला न देताच साताऱ्याला परतले आणि बैठकीला भोक पडलं. त्यातच एका घरी मुलगी झाली होती. तिचं नाव ठरलं होतं बकुळा, आणि ते ठेवायला ळ नव्हता. नवा धारी तयार होता, पण वर्ण फोनवरून पाठवता येत नाही. तिथल्या नानांनी तेही विचारून पाहिलं होतं. वर्ण कानातून घ्यावा लागतो आणि तोंडात न सांडता न्यावा लागतो. म्हणजे ज्याला तो द्यायचा त्याच्या कानात देईपर्यंत, नेणाऱ्याने तो एकदाही उच्चारायचा नाही, आणि नव्या धाऱ्याला तो द्यायचा बैठकीतच.

कानवडीचे ळ चे धारी तात्या. निघायच्या आदल्या दिवशी त्यांनी माझ्या कानात ळ सांगितला. तात्यांना दात नाहीत, त्यामुळे तो बराच ओलाही होता. मग म्हणाले, "आणि ह्याच्या जागी ल म्हणून वेळ मारून न्यायची नाही. ळ ला ते कळतं. रुसतो."

मी मनात म्हटलं, एक तर अक्षर आहे. घरी आलो तर आईने विचारलं, "वाटेत खायला पोळ्या देऊ की भाकरी?"

मला पोळ्या हव्या होत्या. भाकरी घेऊन गेलो.

विमानात

शेजारच्या खुर्चीत ठाण्याचे एक गृहस्थ होते, दुबईत एसीचे सुटे भाग विकणारे. त्यांनी मोकळेपणाने नाव विचारलं.

"दत्तात्रय," मी म्हणालो.

"पुढे?"

माझं आडनाव शेळके. मी थोडा वेळ खिडकीबाहेर पाहिलं. "पुढे विशेष काही नाही," मी म्हणालो.

"अहो, आडनाव विचारतोय."

"ते आहे. पण आता सांगता येत नाही. शुक्रवारच्या बैठकीनंतर सांगेन."

गृहस्थांनी पायाशी ठेवलेली बॅग उचलून मांडीवर घेतली आणि उतरेपर्यंत ती सोडली नाही. मला फार वाईट वाटलं. पासपोर्ट दाखवून खुलासा करावा असं वाटलं, पण त्यावर ते "अच्छा, शेळके का?" असं म्हणाले असते आणि मी नुसती मान हलवली असती, म्हणजे संशय वाढलाच असता.

शारजाच्या विमानतळावर पांढऱ्या पायघोळ अंगरख्यातला एक तरुण अधिकारी काचेमागे बसला होता. मी महिनाभर पाठ केलेली इंग्रजी वाक्यं मनात लावून उभा राहिलो. त्याने पासपोर्ट पाहिला, माझ्याकडे पाहिलं, शिक्का मारला आणि हिंदीत म्हणाला, "जाओ भाई, यल्ला."

ज्या कारणासाठी मला निवडलं होतं ते असं संपलं.

रोल्ला

बाहेर दोघं उभे होते. एक सुहासदादा, म्हणजे त्या मुलीचे वडील. दुबईत एका कॉन्ट्रॅक्टिंग कंपनीत इंजिनिअर, टाय लावलेले. दुसरे नाना, मसाल्यांचा धंदा करणारे, बैठकीचे प्रमुख आणि अ चे धारी. नानांनी माझं नाव विचारलं नाही.

"ळ आला का?"

मी मान हलवली.

"सांडला नाही ना कुठे?"

"नाही."

"शाब्बास. मग फार बोलू नकोस. यल्ला, चल, बस गाडीत."

सुहासदादा रोल्ल्यात राहायचे. रोल्ला म्हणजे वड. तिथे पूर्वी मोठा वड होता म्हणतात, आता त्याच्या जागी चौकात स्मारक आहे. बाकी सगळी दुकानं. भांडी, साड्या, घड्याळं, सोनं, आणि फुटपाथवर मल्याळी, उर्दू, बंगाली, तमिळ अशा गप्पा चाललेल्या. विट्याच्या आठवडे बाजारात इतकी माणसं असतात, पण ती सगळी एकमेकांना ओळखतात. इथे कोणीच कोणाला ओळखत नव्हतं आणि सगळे एकमेकांना भाई म्हणत होते. नानांनी उतरून टोमॅटो घेतले आणि दिरहमाचे रुपये करून मोठ्याने सांगितले. मी दचकलेला पाहून त्यांना समाधान वाटलं.

दिवाळीचे दिवस होते. दार उघडलं ते सुहासदादांच्या आईंनी. त्यांना सगळे माई म्हणतात. मूळच्या कानवडीच्या, पण लग्न होऊन इकडे आल्याला तेव्हा तीस-पस्तीस वर्षं झाली असतील. मी पाया पडलो आणि म्हणालो, "शुभ दीपावली."

"हा असा बँकेच्या भेटकार्डासारखा काय बोलतो?" माईंनी विचारलं. मग त्यांच्या लक्षात आलं आणि चेहरा खुलला. "अगं बाई! पाळतो की पोरगा! ये, बस. फराळाला काय घेतोस?"

ताटात चिवडा, चकली, करंजी आणि शंकरपाळे होते. "ते चौकोनी," मी म्हणालो. माईंनी मूठभर जास्त वाढले.

आतून सुहासदादांच्या पत्नी बाळाला घेऊन आल्या. गुंजनवहिनी. कानपूरच्या. दोघांची ओळख ऑफिसात झाली आणि लग्न इथेच झालं, हे मला माईंनी पहिल्या पाच मिनिटांत सांगितलं, आणि ते सांगताना त्यांनी चकली जरा जोरातच मोडली. मुलगी दहा महिन्यांची होती. माई तिला बाळ म्हणायच्या, वहिनी छोटी म्हणायच्या. ती दोन्हींना ओ द्यायची नाही.

"मग नवे धारी कोण?" मी विचारलं.

सुहासदादा म्हणाले, "गुंजन."

"दुसरं कोणी मोकळंच नाही," माई म्हणाल्या. "सगळ्यांकडे एकेक आहे. आता हिलाच द्यायचा. पण हिच्या तोंडात तो बसायला नको? म्हण गं, बकुळा म्हण."

"बकुला," वहिनी म्हणाल्या.

"ऐकलंस? तीन वर्षं झाली. डाळीला दाल, पोळीला पोली."

"माई, कानपूर में ये अक्षर है ही नहीं. मी कहाँ से आणू?"

"आला की विमानाने!" माईंनी माझ्याकडे बोट दाखवलं. "समोर बसून चौकोनी खातोय."

जिभेचा अभ्यास

दुसऱ्या दिवशी नानांनी मला बाजूला घेऊन परिस्थिती सांगितली. सुहासदादांची बदली अबूधाबीच्या पलीकडे रुवैसला झाली होती, पहिल्या तारखेला हजर व्हायचं होतं. ह चे धारी कुटुंबासह कॅनडाला निघाले होते. म्हणजे येत्या शुक्रवारी बैठक पुरी झाली तर झाली. नाही तर त्या मुलीचं नाव बैठकीत कधी पडेल हे सांगता येत नव्हतं.

"माई काय म्हणतात माहीत आहे?" नाना म्हणाले. "म्हणतात, ही मुद्दाम करते. मराठी व्हायचं नाही म्हणून. आता तू कॉलेजवाला आहेस. शिकव तिला."

मी भाषाविज्ञानाचा पेपर दिला होता. ळ हा मूर्धन्य पार्श्विक ध्वनी आहे हे मला व्यवस्थित पाठ होतं. परीक्षेत त्याला दोन गुण होते. पण तो न उच्चारता कसा शिकवायचा, हे अभ्यासक्रमात नव्हतं.

आम्ही स्वयंपाकघराच्या टेबलाशी बसलो. मी वहीच्या पानावर तोंडाची आकृती काढली. वहिनी म्हणाल्या, "ये क्या है, होडी?"

"हे तोंड आहे. ही जीभ. जिभेचं टोक असं वर न्यायचं आणि मागे वाकवून इथे टेकवायचं..." इथे म्हणजे टाळूला. पण टाळू म्हणता येईना. "इथे, ह्या छताला."

"छत?"

"तोंडाचं छत."

"सुहास, हा मुलगा म्हणतो तोंडाला छत आहे," वहिनींनी आत ओरडून सांगितलं.

मग मी आ करून बोटाने दाखवलं. वहिनींनीही आ केला. तेवढ्यात माई चहा करायला आल्या, आम्हा दोघांना एकमेकांसमोर आ करून बसलेलं पाहिलं आणि चहा न करताच परत गेल्या.

तास-दीड तासाने मला एक सुचलं. हिंदीत लड़का, घोड़ा म्हणताना जीभ जवळजवळ तिथेच जाते. "वहिनी, घोड़ा म्हणा. आता तो ड़ म्हणताना जिभेच्या दोन्ही बाजूंनी हवा सोडा. जीभ मारायची नाही, नुसती हलकेच टेकवून सोडायची."

"घोड़ा. घोड़... घोल्ड़ा." वहिनी स्वतःच थांबल्या. "ये कुछ हुआ."

काहीतरी झालं होतं खरं. ते काय झालं हे मला ओळखता आलं नाही, पण ते ल नव्हतं. वहिनींनी दिवसभर घोड़ा, पहाड़, बड़ा असं म्हणत भांडी घासली. संध्याकाळी छोटीसुद्धा जीभ बाहेर काढून थुंकी उडवू लागली, तेव्हा माई म्हणाल्या, "आता तिलाही लावलं का नादाला!" पण त्यांनी तिचं तोंड पुसलं ते हसतच.

रुवैसचा रस्ता

मध्ये एक दिवस आम्ही सगळे रुवैसला जाऊन आलो. कंपनीचं घर बघायचं होतं. अबूधाबीच्या पुढे रस्ता सरळ लागतो तो लागतोच. एका बाजूला खारट, पांढरी, सपाट जमीन, कुठेकुठे पाण्यासारखी चमकणारी, आणि पलीकडे समुद्र, जो दिसतो की नाही याबद्दल गाडीत दोन मतं होती. दुसऱ्या बाजूला तांबूस टेकड्या. आमच्याकडे माळावर निदान एखादी बोर किंवा हिवर असतो, नजर टेकायला जागा मिळते. इथे नजर निघाली की निघालीच. मध्येच तीन उंट दिसले. ते इतक्या सावकाश चालत होते की वर्णमाला म्हणताहेत असं वाटावं.

माईंना थर्मासमधला चहा प्यायचा होता. सुहासदादांनी गाडी रस्त्यावरून बाजूला घेतली. मला समोरची जमीन भुसभुशीत दिसली. ओरडून सांगावं म्हणून मी तोंड उघडलं, आणि आला तो शब्द वाळू. मी तोंड मिटलं. मग 'सांभाळून' आलं. तेही मिटलं. 'रेती' हा शब्द सापडेपर्यंत पुढची दोन्ही चाकं अर्धी आत गेली होती.

"रेती!" मी म्हणालो.

"दिसतेय," सुहासदादा म्हणाले.

गाडी पुढेही जाईना, मागेही येईना. सुहासदादा ऑफिसचे बूट घालून ढकलू लागले आणि घोट्यापर्यंत रुतले. शेवटी पाण्याच्या टँकरवाला एक पठाण थांबला. त्याने दोरखंड लावला, गाडी ओढून काढली आणि मला विचारलं, "तुम आगे बैठा था, देखा नहीं?" मी म्हटलं, पाहिलं होतं. "तो बोला क्यों नहीं?" आता याला काय सांगणार? वहिनींनी सांगायचा प्रयत्न केला, की हा एक अक्षर तोंडात घेऊन इंडियाहून आलाय. पठाणाने सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि माझ्या डोक्यावर हात ठेवून "अल्ला शिफा दे" म्हणाला, म्हणजे देव तुला बरं करो.

गाडीत बसल्यावर वहिनींना हसू आवरेना. "अरे, 'रुको' तरी बोलायचं!"

हे मला सुचलंच नव्हतं. सुहासदादा बुटातली वाळू खिडकीबाहेर झाडत होते. माई मात्र मागून म्हणाल्या, "हसू नका. पोराने गाडी घालवली, पण वर्ण सांडू दिला नाही." कौतुकाचे ते शब्द ऐकून मला आणखी लाज वाटली.

रुवैस दुरूनच दिसतं. धुराड्यांच्या टोकावर ज्वाळा, आणि खाली शिस्तीत उभी केलेली एकसारखी घरं. घर चांगलं होतं, मोठं होतं. वहिनी खोल्याखोल्यांतून फिरल्या आणि खिडकीशी येऊन उभ्या राहिल्या. "इथे मराठी कोण बोलणार?" त्यांनी विचारलं.

"मी आहे ना," माई म्हणाल्या.

वहिनींचा चेहरा पाहून मला कळेना की त्यांना बरं वाटलं की धसका बसला.

लिफ्ट

गुरुवारी वहिनी आणि मी छोटीला घेऊन खाली भाजी आणायला गेलो. परत येताना आमच्याबरोबर लिफ्टमध्ये आमच्याच मजल्यावरचे एक सुदानी गृहस्थ होते, शाळेत अरबी शिकवणारे. उंच, हसरे, हातात खुबुसची, म्हणजे अरबी रोटीची, पिशवी. दोन मजल्यांच्या मध्ये लिफ्ट थांबली.

त्यांनी घंटा दाबली. कोणीतरी खालून "फाइव्ह मिनिट" म्हणून ओरडलं. पाच मिनिटं इथेही आपल्यासारखीच असतात. वहिनींनी वेळ वाया घालवला नाही. भिंतीकडे तोंड करून त्या "ड़... ड़ल... ल्ड़..." सुरू झाल्या.

"मॅडम, डरो मत," मास्तर म्हणाले. "इन्शाल्ला अभी खुलेगा."

"डर नहीं रही, पढ़ रही हूँ."

मग सगळं सांगावंच लागलं. वहिनींनी सांगितलं, मी मध्येमध्ये दुरुस्त केलं. मला वाटलं हेही माझ्या डोक्यावर हात ठेवणार. पण मास्तरांना त्यात नवल वाटलं नाही. ते म्हणाले, आमच्या भाषेलाच एका अक्षराचं नाव आहे, लोक तिला ज़ादची भाषा म्हणतात, कारण तो आवाज दुसऱ्या कोणाकडे नाही असा आमचा अभिमान आहे. त्यांनी तो काढूनही दाखवला. जीभ, दाढा आणि छाती यांनी मिळून काहीतरी जड वस्तू खाली ठेवावी तसा तो वाटला. छोटी टक लावून त्यांच्या तोंडाकडे पाहू लागली.

"लेकिन," मास्तर म्हणाले, "मिसरवाला अलग बोलता है, इराकवाला अलग. हम सूडानवाला अलग."

"तो सही कौन सा है?" वहिनींनी विचारलं.

मास्तरांनी पिशवी खाली ठेवली. "किताब में एक है," ते म्हणाले. "लेकिन मेरे कान में वो है, जो मेरी माँ बोलती थी."

लिफ्ट सुरू झाली. आमचा मजला आला, मास्तर सलाम करून गेले. वहिनी दाराशी किल्ली हातात घेऊन तशाच उभ्या राहिल्या.

"दत्ता, एक सांगू? ते नाव मीच सुचवलं."

मला खरं वाटेना. माझी समजूत, नाव माईंच्या हट्टाचं.

"माई की माँ का नाम था. छोटी पोटात होती, तेव्हा त्या गेल्या. माईंना जाता नाही आलं, पासपोर्ट इथल्या व्हिसाच्या रिन्युअलला दिलेला होता. मी म्हटलं, बेटी हुई तो यही नाम रखेंगे. माई पहली बार मेरे सामने रोईं." त्यांनी छोटीला दुसऱ्या कडेवर घेतलं. "मला काय माहीत, की मी बोलूच नाही शकणार! आता सगळ्यांच्या समोर मी ल म्हणाले, तो माई को लगेगा मैंने उनकी माँ का नाम बिगाड़ दिया."

मला काहीतरी धीराचं बोलायचं होतं. मनात आलेल्या प्रत्येक वाक्यात कुठे ना कुठे तरी ळ होता. शेवटी मी म्हणालो, "वहिनी, घोड़ा म्हणा."

त्या हसल्या आणि त्यांनी दार उघडलं.

शुक्रवार

बैठकीच्या दिवशी सकाळपासून सगळेच धारी आपापला वर्ण राखतात, म्हणजे बैठकीत तो ताजा निघतो. मी इतके दिवस एकटाच अडखळत होतो, आज घर सोबतीला आलं. सुहासदादांकडे क होता. त्यांना काय, कुठे, कधी, का यातलं एकही विचारता येत नव्हतं.

"आई, माझा पांढरा शर्ट?"

"काय त्याचं?"

"इस्त्री झाली?"

"कशाला हवाय? कधी निघायचं? कोण कोण आहे गाडीत?" माई मुद्दाम क पेरत होत्या. त्यांच्याकडे होता क्ष. शारजात रिक्षा नाहीत, त्यामुळे त्यांचं सहज भागत होतं.

ऑफिसातून फोन आला. साहेबाला ओके म्हणता येईना. "यस सर, यस सर, शुअर सर," सुहासदादा घामाघूम होऊन म्हणत राहिले. नंतर कळलं, त्या नादात त्यांनी रविवारी जास्त काम करायचं कबूल केलं होतं.

बैठक नानांच्या मसाल्याच्या गोदामात होती. पोती भिंतीला सारून सतरंज्या अंथरल्या होत्या. नाना दाराशी उभे होते, पण बोलत नव्हते. अ प्रत्येक अक्षरात असतो, त्यामुळे अ च्या धाऱ्याला त्या दिवशी मौनच धरावं लागतं. ते हातवारे करून माणसांना बसवत होते, आणि मिरचीच्या कोठाराजवळ ज्यांना बसवलं ते शिंकत होते. कोणी अबूधाबीहून आलं होतं, कोणी अल ऐनहून. मुलं कोपऱ्यात इंग्रजीत भांडत होती. "श्श!" आया म्हणत होत्या. ज्या बाईंकडे श होता त्या फक्त डोळे वटारत होत्या.

नानांनी डोळे मिटले आणि म्हणाले, "अ."

सकाळपासून कोंडलेला तो अ गोदामभर पसरला. मग आ, मग इ. कानवडीला मी ही बैठक किती वेळा पाहिली आहे, पण तिथे सगळे आवाज एकाच मातीचे असतात. इथे एक आवाज बँकेतला होता, एक मुंबईचा, एक वीस वर्षं उन्हात साइटवर ओरडून फाटलेला. सुहासदादांचा क फटाक्यासारखा निघाला. ङ होता विमा विकणाऱ्या प्रधानांकडे. हा वर्ण बोलण्याच्या आड येत नाही म्हणून त्यांनी तो मागून घेतला होता. त्यांनी नाकातून काहीतरी केलं आणि समाधानाने मान डोलावली. वर्णमाला सतरंजीवरून सरकत सरकत आमच्या बाजूला येत होती. य, र, ल. ल चे धारी असलेल्या काकांनी ल म्हटला तेव्हा वहिनींनी डोळे घट्ट मिटले. व, श, ष, स. कॅनडाला निघालेल्यांनी ह म्हटला, जरा जास्तच लांबवून.

माझी पाळी. मी वहिनींच्या कानाशी वाकलो आणि तात्यांनी दिलेला ळ त्यांना दिला. इतके दिवस तोंडात राहिल्याने तो बाहेर पडताना मलाच परका वाटला.

वहिनींनी श्वास घेतला. जीभ वर गेली, मागे वळली, हे मला त्यांच्या गालावरून दिसलं. आणि त्या म्हणाल्या.

जे बाहेर आलं ते ल नव्हतं. कानपूरचा ड़ही नव्हता. ळ होता का? मी पेपर दिला आहे, पण शपथेवर सांगू शकत नाही. त्यात थोडा घोडा होता, थोडी लिफ्ट होती आणि बराच धीर होता.

बैठकीत मध्ये कोणी बोलायचं नसतं. बरोबर, चूक, काही म्हणायचं नसतं. फक्त पुढच्याने आपला वर्ण म्हटला तर आधीचा पोचला, आणि पुढचा गप्प बसला तर तिथे तुटलं. ळ नंतर येतो क्ष.

सगळ्यांनी माईंकडे पाहिलं.

माई वहिनींकडे पाहत होत्या. सुहासदादा सतरंजीचा धागा ओढत होते. मिरचीजवळ कोणाला तरी शिंक येत होती आणि तो ती दाबून लाल झाला होता. छोटी रांगत रांगत वहिनींच्या मांडीवर चढली आणि ज्या तोंडातून तो आवाज आला त्यात बोट घालून शोधू लागली. वहिनींनी बोट काढलं नाही. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, ते मिरचीचं असेल किंवा नसेल.

"क्ष," माई म्हणाल्या.

पाठोपाठ ज्ञ इतक्या घाईने आला की जणू कोणी मत बदलायच्या आत दार लावून घेतलं. मग तो माणूस खुशाल शिंकला.

बाळाच्या कानात ब गेला, क गेला, उ गेला. वहिनींनी ळ सांगितला तो सगळ्यात हळू. आम्हाला कोणाला तो ऐकू आला नाही. शेवटी आ गेला. मग त्यांनी मान वर केली आणि नियमाप्रमाणे पूर्ण नाव मोठ्याने म्हटलं, त्यांच्या पद्धतीने.

प्रधानांना राहवलं नाही. "माई, सगळं ठीक झालं, पण हा ळ जरासा..."

"प्रधान," माई म्हणाल्या, "तुमचा ङ खरा आहे का, हे आजवर कोणी तपासलंय?"

"तसं नाही हो. पण ळ म्हणजे..."

"आपल्यात आता ळ कुणाकडे आहे?"

"गुंजनकडे."

"मग ती म्हणेल तो ळ."

"खलास," नाना म्हणाले, आणि पानं मांडायला उठले.